जोखड आणि श्रद्धा

आमच्या शेजारच्या घरातली मुलगी मागच्या पावसाळ्यात नोकरी सोडून परत आली. घर तीन पिढ्यांचे ख्रिस्ती. रविवारची उपासना, नाताळच्या करंज्या, आजोबांची पेटीवरची भजने हे सारे आम्ही वर्षानुवर्षे पाहिलेले. मुलगी मात्र परगावी एका प्रार्थनामंडळात अडकली होती. तिथल्या पाळकाने तिच्याकडे पगाराचा हिशेब मागितला, आईवडिलांची श्रद्धा कच्ची ठरवली, त्यांना फोन कमी करायला लावले. शंका विचारली की ती सैतानाची ठरे. दोन वर्षांनी ती तिथून बाहेर पडली, पण सुटली नव्हती. बायबल समोर आले की तिचे हात थरथरत. एका संध्याकाळी माझ्याकडे चहा घेताना तिने विचारले, की आता देवाला सोडायचे की देवाच्या नावाने बोलणाऱ्यांना, आणि ही दोन वेगळी आहेत हे ओळखायचे तरी कसे?

मी निवृत्त शिक्षिका. धर्मशास्त्रात मला अधिकार नाही. पण कपाटात पंडिता रमाबाईंच्या इंग्रजी पत्रव्यवहाराचा ग्रंथ होता, १९७७ साली अ. भि. शहा यांनी संपादित केलेला. तो मी तिच्या हातात ठेवला. तिच्या निमित्ताने मीही तो पुन्हा वाचला, आणि शाळेत इतकी वर्षे शिकवलेल्या रमाबाई मला नव्याने भेटल्या.

रमाबाईंची पूर्वकथा बहुतेकांना ठाऊक आहे. जन्म २३ एप्रिल १८५८, पश्चिम घाटातल्या गंगामूळच्या रानात. वडील अनंतशास्त्री डोंगरे यांनी पत्नीला संस्कृत शिकवले आणि त्यासाठी समाजाचा रोष पत्करला. पुढे सारे कुटुंब पुराणे सांगत तीर्थोतीर्थी हिंडले. १८७०च्या दशकातल्या दुष्काळात आईवडील गेले, थोरली बहीण गेली. रमाबाई आणि भाऊ श्रीनिवास पायी वणवण करीत १८७८ साली कलकत्त्याला पोचले. तिथल्या पंडितांनी या तरुणीला पंडिता आणि सरस्वती या पदव्या दिल्या. १८८० साली भाऊ वारला. त्याच वर्षी बिपिनबिहारी मेधावी या बंगाली वकिलाशी जातीबाहेर विवाह झाला आणि १८८२च्या फेब्रुवारीत पटकीने तेही गेले. कडेवर मनोरमा नावाची तान्ही मुलगी. वय अवघे तेवीस.

त्याच वर्षी पुण्यात येऊन त्यांनी आर्य महिला समाज स्थापन केला, हंटर कमिशनपुढे साक्ष दिली, ‘स्त्रीधर्मनीति’ हे पुस्तक लिहिले. वैद्यकी शिकण्याची ओढ होती. पुस्तकाच्या पैशांतून प्रवासखर्च उभा करून १८८३ साली त्या इंग्लंडला निघाल्या. वाँटेज गावातल्या सेंट मेरी द व्हर्जिन या मठाच्या भगिनींचे पुण्यात काम होते, तिथेच उतरायचे ठरले. फुकट राहायचे नाही म्हणून हिंदुस्थानात येऊ घातलेल्या भगिनींना मराठी शिकवण्याचे त्यांनी कबूल केले. हा तपशील लहान वाटतो, पण उपकाराखाली दबायचे नाही हा निर्धार त्यात पहिल्या पावलापासून दिसतो.

वाँटेजचे पहिले महिने भयंकर होते. सोबत आलेल्या आनंदीबाई भगत यांनी तिथेच आत्महत्या केली. आपल्याला बळजबरीने ख्रिस्ती करतील या भीतीने त्या पछाडल्या होत्या, असे मॅक्सम्युलर यांनी आपल्या आठवणींत नोंदवले आहे. तशी बळजबरी झाली नव्हती. पण परक्या देशात, परक्या छपराखाली, आपले भवितव्य दुसऱ्याच्या हाती आहे या जाणिवेने माणसाचे काय होते, हे रमाबाईंनी डोळ्यांनी पाहिले. त्यानंतर थोड्याच काळात, २९ सप्टेंबर १८८३ रोजी, त्यांनी मनोरमासह बाप्तिस्मा घेतला. महाराष्ट्रात गदारोळ उठला. जोतीराव फुल्यांसारखा एखादाच त्यांच्या बाजूने उभा राहिला.

इथून पुढची कथा आपण फारशी सांगत नाही. धर्मांतराबद्दल इकडे शिव्याशाप आणि तिकडे जयजयकार चालू असताना खुद्द रमाबाईंचा झगडा वेगळाच होता. सिस्टर जेराल्डीन या त्यांच्या धर्ममाता. बाई प्रेमळ, शिस्तीच्या, मठाच्या आज्ञापालनात मुरलेल्या. रमाबाई मुळाक्षरांपासून प्रश्न विचारणाऱ्या. त्रैक्याचे तत्त्व त्यांना पटेना. येशूच्या जन्माविषयीच्या सिद्धान्तावरही त्या अडल्या. शास्त्रात जे स्पष्ट दिसत नाही ते केवळ चर्च सांगते म्हणून का मानायचे, हा त्यांचा सवाल. जेराल्डीनबाईंना यात शंका दिसली नाही, अहंकार दिसला. मग कृतघ्नतेचा आरोपही आला.

वाद मग ताटापर्यंत गेला. रमाबाई शाकाहारी राहिल्या, तर त्यात जातीच्या अभिमानाचे अवशेष शोधले गेले. गळ्यातल्या क्रुसावर लॅटिन अक्षरे हवीत की नकोत यावर पत्रापत्री झाली. जी भाषा मला कळत नाही आणि माझ्या देशातल्या बहिणींनाही कळत नाही ती अंगावर का मिरवू, असा रमाबाईंचा रोख. त्यापेक्षा संस्कृत काय वाईट? मनोरमाला कोणती धर्मतत्त्वे शिकवायची यावर तर दोघींचे फारच ताणले. मुलगी माझी आहे, तिच्या शिक्षणाचा निर्णय मी घेईन, हे रमाबाईंना बजावावे लागले.

१८८४ साली त्या चेल्टनहॅमच्या मुलींच्या कॉलेजात गेल्या. कानांनी कमी ऐकू येऊ लागल्याने वैद्यकीचा विचार सुटला होता. तिथे त्या शिकत आणि संस्कृत शिकवीत. पुरुष विद्यार्थ्यांनाही त्यांनी शिकवावे अशी सूचना निघाली, तेव्हा लाहोर आणि मुंबईच्या बिशपांनी हरकत घेतली. रमाबाईंना हसावे की रडावे कळेना. वडिलांनी कधी अडवले नाही, नवऱ्याने अडवले नाही, भर सभांत पुरुषांपुढे व्याख्याने दिली आणि आता हे नवे पालक कुठून आले? त्यांनी स्पष्ट लिहिले, की मोठ्या कष्टाने एका पुरोहितवर्गाचे जोखड मानेवरून उतरवले आहे. देवाचा हुकूम म्हणून दुसरे तसलेच जोखड मी घेणार नाही.

शेजारच्या मुलीने या पानांवर पेन्सिलीने खुणा केल्या होत्या. तिच्या खुणा जुळवल्या तेव्हा धोक्याच्या पाट्यांची एक यादीच तयार झाली. प्रश्नाला उत्तर न देता प्रश्न विचारणाऱ्याच्या स्वभावावर बोट ठेवले जाते. केलेल्या मदतीची वसुली आज्ञापालनातून होते. घरचे अन्न, घरची भाषा, घरची माणसे पापाच्या खात्यात टाकली जातात. माणसाची आज्ञा देवाच्या सहीने येते. श्रद्धा कोणत्याही धर्माची असो, या पाट्या दिसल्या की पाऊल थांबवावे. वाईट हेतूच हवा असेही नाही. जेराल्डीनबाईंचे रमाबाईंवर प्रेम होते. प्रेमाच्या माणसाकडून होणारा जाच ओळखणे म्हणूनच अधिक कठीण.

ओळखल्यावर पुढे काय? रमाबाईंनी धर्म टाकला नाही आणि मानही तुकवली नाही. त्यांना सावरणाऱ्या गोष्टी पत्रांतून दिसतात. पहिली, ऐकून घेणारे माणूस. चेल्टनहॅमच्या प्राचार्य डोरोथिया बील यांनी शंकांना पाप म्हटले नाही, त्यांच्याशी चर्चा केली. दुसरी, अंतर. १८८६च्या आरंभी त्या अमेरिकेला गेल्या. आनंदीबाई जोशी डॉक्टर झाल्या त्या पदवीदानाचे निमित्त होते. नाना पंथांची माणसे तिथे भेटली आणि एकाच पंथाकडे देवाच्या किल्ल्या नाहीत हे त्यांना उमगले. तिसरी, लेखणी. मनातले सारे त्यांनी लिहून मांडले. चौथी, काम. १८८७ साली त्यांचे ‘द हाय-कास्ट हिंदू वुमन’ प्रसिद्ध झाले, बोस्टनला रमाबाई असोसिएशन उभी राहिली, आणि ११ मार्च १८८९ रोजी मुंबईत विधवांसाठी शारदा सदन उघडले. धर्माची सक्ती नाही, हा त्याचा पाया.

इथे थांबले असते तर लेख सोपा झाला असता. पण खरी परीक्षा पुढे होती. सदन पुण्याला आले. रमाबाई आपल्या खोलीत दार उघडे ठेवून प्रार्थना करीत आणि काही मुली तिथे येऊन बसत. मी बोलावत नाही आणि येणारीला हाकलणारही नाही, अशी त्यांची भूमिका. पालकांना ती पटली नाही. ‘केसरी’ने झोड उठवली. १८९३ साली रानडे, भांडारकर सल्लागार मंडळातून बाहेर पडले आणि पंचवीसएक मुली काढून नेल्या गेल्या. जिच्या घासावर मुलगी जगते तिच्या उघड्या दाराला निव्वळ उघडे दार म्हणता येईल का, हा पालकांचा प्रश्न खोटा नव्हता. आणि विधवेला स्वतःचे मन असते, हे रमाबाईंचे उत्तरही खोटे नव्हते.

पुढे १८९६ आणि १९००च्या दुष्काळांत केडगावच्या मुक्ती सदनात शेकडो मुली आल्या; एका वेळी ही संख्या दोन हजारांच्या घरात पोचली. रमाबाईंनी त्यांना मरणाच्या दारातून ओढून आणले, छापखाना, विणकाम, शेती शिकवली. सदन आता उघड ख्रिस्ती होते. मुलींनी मोठ्या संख्येने बाप्तिस्मा घेतला. १९०५ साली तिथे सामूहिक प्रार्थनेची लाट उसळली, रडणे, कापणे, रात्रीच्या रात्री जागणे. भुकेने आलेल्या पोरीची निवड किती मोकळी असते? वाँटेजच्या रमाबाईंनी हा प्रश्न केडगावच्या रमाबाईंना नक्की विचारला असता. त्यांना मोठे मानूनही तो विचारणे मला आवश्यक वाटते. त्यांनीच तो आपल्याला शिकवला आहे.

अखेरची वर्षे त्यांनी बायबलच्या मराठी भाषांतराला दिली. त्यासाठी हिब्रू आणि ग्रीक शिकल्या. साध्या बायकांना मध्यस्थाविना वाचता यावे इतके सोपे मराठी त्यांना हवे होते. जुलै १९२१मध्ये मनोरमा गेली. कामाला खंड पडला नाही. ५ एप्रिल १९२२ रोजी रमाबाई गेल्या आणि १९२४ साली ते भाषांतर प्रसिद्ध झाले. ज्या पुस्तकाच्या नावाने त्यांना दटावले गेले, ते त्यांनी अक्षर अक्षर करून स्वतःचे केले होते. याहून पुरते बरे होणे कोणते?

आणखी एक. इतके होऊनही त्यांनी जेराल्डीनबाईंना तोडले नाही. पत्रांत त्या त्यांना आजीबाई म्हणत. आज्ञा मानली नाही, नाते मात्र राखले. आणि आजीबाईंनीही या हट्टी लेकीची पत्रे, स्वतःला बोचणारीसुद्धा, जपून संकलित करून ठेवली. म्हणून तर ती आज आपल्यापर्यंत आली. प्रत्येक जखमेला असा शेवट मिळत नाही. ज्याला दार लावून घ्यावे लागते त्याने ते बिनदिक्कत लावावे.

शेजारची मुलगी ग्रंथ परत द्यायला आली तेव्हा मी काही विचारले नाही. ती अजून कुठल्याच प्रार्थनेला जात नाही. पण आजोबांची पेटी तिने माळ्यावरून खाली काढली आहे. भात्याला भोक पडले आहे, दुरुस्त करणारा कोण चांगला, एवढेच ती मला विचारत होती.