हलणाऱ्या खंडांचा शोधक

पायांखालची जमीन ही मनुष्याने सर्वांत स्थिर वस्तू मानली आहे. नद्या आपली पात्रे बदलतात. परंतु पृथ्वीवरील खंडे आहेत तेथेच युगानुयुगे उभी आहेत, असा मोठमोठ्या पंडितांचाही समज होता. या समजास धक्का देण्याचे धैर्य आल्फ्रेड वेगेनर यांनी दाखविले.

वेगेनर यांचा जन्म १ नोव्हेंबर १८८० रोजी बर्लिन येथे एका धर्मोपदेशकाच्या घरी झाला. त्यांनी ज्योतिर्विद्येचे उच्च शिक्षण घेतले. पण त्यांचे मन रमले ते हवामानाच्या अभ्यासात. १९०६ साली त्यांनी आपले बंधू कुर्ट यांच्यासह बलूनमध्ये बसून सतत ५२ तासांहून अधिक काळ आकाशात विहार केला व नवा विक्रम स्थापिला. त्याच वर्षी ते ग्रीनलंडच्या हिममय प्रदेशात संशोधनासाठी गेले.

पुढे जर्मनीतील मारबुर्ग येथे अध्यापन करीत असता जगाच्या नकाशाने त्यांचे लक्ष वेधून घेतले. दक्षिण अमेरिकेचा पूर्व किनारा आणि आफ्रिकेचा पश्चिम किनारा एकमेकांशी जुळतात, असे त्यांना दिसले. नक्षीदार मडके फुटले, तर त्याच्या खापऱ्यांच्या कडा जुळतात. आणि त्यांवरील नक्षीही जुळली, तर त्या एकाच मडक्याच्या आहेत याविषयी शंका उरत नाही. वेगेनर ही नक्षी शोधू लागले. ग्लॉसोप्टेरिस नावाच्या प्राचीन वनस्पतीचे ठसे दक्षिण अमेरिका, आफ्रिका, ऑस्ट्रेलिया आणि भारत येथील खडकांत सापडले होते. आपल्या नागपूरजवळील कामठीच्या खडकांतही ते आढळतात. अथांग सागर ओलांडून ही वनस्पती इतक्या दूरच्या देशांत कशी पोहोचली असेल? सर्व खंडे एके काळी एकत्र होती व नंतर ती दूर सरकली, हेच उत्तर त्यांना पटले. १९१२ साली त्यांनी हा विचार विद्वानांपुढे मांडला आणि १९१५ साली त्यावर ग्रंथ लिहिला.

विद्वानांनी मात्र त्यांची उपेक्षा केली. एवढी प्रचंड खंडे कोणत्या शक्तीने सरकतात, या प्रश्नाचे समाधानकारक उत्तर वेगेनर यांच्यापाशी नव्हते. हवामानशास्त्रज्ञाने भूशास्त्रात लुडबूड करू नये, असेही काहींना वाटे. वेगेनर खचले नाहीत. ग्रंथाच्या प्रत्येक नव्या आवृत्तीत ते नवे पुरावे घालीत राहिले.

१९३० साली ते एका मोहिमेचे नेते म्हणून पुन्हा ग्रीनलंडला गेले. किनाऱ्यापासून सुमारे ४०० किलोमीटर आत, बर्फाच्या मध्यभागी त्यांचे सहकारी हिवाळा काढणार होते. त्यांना सामग्री अपुरी पडेल, या काळजीने वेगेनर भयंकर थंडीत स्वतः निघाले. वाटेत बहुतेक सोबती परतले, तरी ३० ऑक्टोबर रोजी ते तेथे पोहोचले. तेथील अन्नाचा साठा थोडा होता. म्हणून आपल्या पन्नासाव्या वाढदिवशीच रास्मुस विलुमसेन या तरुण ग्रीनलंडवासी सोबत्यास घेऊन ते परतीच्या वाटेस लागले. दोघेही जिवंत परतले नाहीत. मे १९३१ मध्ये वेगेनर यांचा देह बर्फात नीट पुरलेला आढळला. तो ज्याने पुरला, त्या विलुमसेनचा पत्ता कधीच लागला नाही.

सुमारे तीस वर्षांनी समुद्रतळाच्या संशोधनाने वेगेनर यांच्या मुख्य विचारास पुष्टी दिली. सागराच्या तळाशी भेगांतून तप्त रस वर येतो, थिजून नवा तळ बनतो आणि त्याबरोबर खंडे दूर जातात, हे सिद्ध झाले. अटलांटिक महासागर दर वर्षी काही सेंटिमीटर रुंदावत आहे; आपली नखे वाढतात, साधारण तितक्याच मंद गतीने. हा जयजयकार ऐकण्यास वेगेनर नव्हते. परंतु सत्याचा शोध घेणाऱ्याने मानाची वाट पाहत थांबावयाचे नसते, हे त्यांनी आपल्या जीवनाने दाखवून दिले.