एक नाव, दोन खाती

गेल्या वर्षी आमच्या कॉलेजात एक दहा मिनिटांचा लघुपट पाहण्याचा योग आला. त्यात संवाद मुळीच नाहीत. एका माणसाला खुर्चीवर बसायचे असते, पण खुर्ची त्याला बसू देत नाही. तो तिच्यामागे धावतो, तिची मनधरणी करतो. शेवटी तो तिला आपल्या अंगावर बसू देतो, तेव्हा कुठे ती राजी होते. सोबतीला पंडित रविशंकरांची सतार आणि चतुरलाल यांचा तबला! १९५७ च्या या कॅनेडियन लघुपटातील तो माणूस, आणि नॉर्मन मॅक्लॅरेन यांचा सहदिग्दर्शक, म्हणजे क्लोद ज्युत्रा. कुतूहल वाटले म्हणून मी त्यांच्याविषयी वाचू लागलो.

११ मार्च १९३० रोजी माँट्रियल शहरात एका डॉक्टरांच्या घरी त्यांचा जन्म झाला. १९५२ साली तेही डॉक्टर झाले. परंतु त्यांनी दवाखाना थाटला नाही. शाळकरी वयापासून जडलेले चित्रपटाचे वेड सुटले नाही. कॅनडाच्या सरकारी चित्रपट मंडळात त्यांनी काम केले, फ्रान्समध्ये त्रूफो यांच्याशी मैत्री जोडली. १९६३ साली स्वतःच्याच आयुष्यावर 'आ तू प्रांद्र' हा चित्रपट काढला आणि कर्ज ओढवून घेतले.

१९७१ साली आला 'मों ओंक्ल आंत्वान', म्हणजे 'माझा काका आंत्वान'. क्वेबेक प्रांतातील खाणीचे गाव, नाताळचे दिवस, आणि मोठ्यांचा दुबळेपणा पाहून एका रात्रीत शहाणा होणारा मुलगा. कॅनडातील जाणकारांनी हा चित्रपट अनेक वर्षे देशातील सर्वश्रेष्ठ मानला.

क्वेबेक स्वतंत्र व्हावे, या मताचे असल्यामुळे १९७२ साली त्यांनी कॅनडाचा राष्ट्रीय सन्मान नाकारला. पुढे १९७३ च्या खर्चिक 'कामुरास्का'ला अपेक्षित यश मिळाले नाही. फ्रेंचमध्ये काम मिळेना, तेव्हा याच स्वाभिमानी माणसाला इंग्रजी दूरदर्शनसाठी 'ड्रीमस्पीकर'सारखे चित्रपट करावे लागले. ज्या भाषेत स्वप्ने पडतात त्याच भाषेत पोट भरेल असे नाही, हे आम्हा सीमाभागातील मुलांना निराळे सांगायला नको.

पुढे त्यांना स्मृतिभ्रंशाने ग्रासले. ५ नोव्हेंबर १९८६ रोजी ते घरातून निघून गेले. १९८७ च्या एप्रिलमध्ये सेंट लॉरेन्स नदीत त्यांचा देह सापडला. कमरेच्या पट्ट्यात एक चिठ्ठी होती. तिच्यावर त्यांचे नाव लिहिलेले होते.

१९९९ पासून क्वेबेकचे चित्रपट पुरस्कार त्यांच्या नावाने दिले जाऊ लागले. मात्र २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या चरित्रात, त्यांनी लहान मुलांवर लैंगिक अत्याचार केल्याचा आरोप झाला. पाठोपाठ आपबीती सांगणारी माणसे पुढे आली. खटला चालणे शक्य नव्हते, कारण आरोपी केव्हाच वारला होता. काही दिवसांतच पुरस्कारांवरून व रस्त्यांवरून त्यांचे नाव उतरवण्यात आले.

इथपर्यंत वाचल्यावर हा लेख लिहावा की नाही, असा मला प्रश्न पडला. अखेर हिशेबाच्या वहीनेच मार्ग दाखवला. एका खात्यातली जमा दुसऱ्या खात्यातले देणे फेडत नाही. प्रेक्षकांना दिलेला आनंद त्या मुलांच्या नावे जमा दाखवता येणार नाही. आणि ते देणे लिहिले म्हणून तो चित्रपट खोटा ठरत नाही. दोन्ही खाती उघडी ठेवावी लागतात.

स्वतःचे नाव विसरू नये म्हणून त्यांनी ते कमरेला बांधले होते. माझ्या मते आपणही ते विसरू नये, पण दोन्ही खात्यांसकट लक्षात ठेवावे.