भास्कराचार्य आणि वाटणीचे गणित

सह्य पर्वताच्या आश्रयाने वसलेल्या विज्जलविड नगरात शके १०३६ मध्ये, म्हणजे इ. स. १११४ साली, भास्कराचार्यांचा जन्म झाला. हे विज्जलविड नेमके कोणते, याविषयी विद्वानांत एकमत नाही. कोणी ते विजापुराकडे शोधतात, तर कोणी खानदेशात चाळीसगावच्या आसपास. घराणे मात्र पिढीजात विद्वानांचे. त्यांच्या एका पूर्वजाला भोजराजाकडून विद्यापती ही पदवी मिळाली होती. पिता महेश्वर हे ज्योतिषशास्त्रात पारंगत होते व तेच भास्कराचार्यांचे गुरू झाले.

वयाच्या ३६ व्या वर्षी, इ. स. ११५० मध्ये, त्यांनी सिद्धान्तशिरोमणी हा ग्रंथ सिद्ध केला. त्याच्या चार भागांपैकी पहिला भाग म्हणजे लीलावती. घटिकापात्रात मोती पडून विवाहमुहूर्त टळलेल्या कन्येच्या सांत्वनासाठी पित्याने हा ग्रंथ रचला, अशी कथा प्रसिद्ध आहे. ती अकबराच्या दरबारातील फैजीने इ. स. १५८७ मध्ये केलेल्या फारसी भाषांतरात आढळते. खुद्द लीलावतीत तिचा मागमूस नाही. कथा बाजूस ठेवली तरी ग्रंथाचे माधुर्य तिळमात्र कमी होत नाही.

या ग्रंथाच्या शेवटच्या प्रकरणाचे नाव अंकपाश. शंकराच्या दहा हातांत पाश, अंकुश, डमरू, त्रिशूळ इत्यादी दहा वस्तू आलटून पालटून दिल्या, तर त्याच्या मूर्ती किती प्रकारच्या होतील, असा प्रश्न आचार्य तेथे विचारतात. उत्तर येते ३६,२८,८००! चार हातांच्या विष्णूच्या मूर्ती मात्र अवघ्या २४.

पण याच प्रकरणातील दुसरा एक प्रश्न अधिक मार्मिक आहे. ज्या पाच अंकी संख्येत शून्य नाही आणि जिच्या अंकांची बेरीज १३ होते, अशा संख्या किती? वरवर पाहता हा संख्यांचा खेळ वाटतो; वस्तुतः हा वाटणीचा प्रश्न आहे. १३ आंबे पाच भावंडांत वाटावयाचे आहेत आणि कोणीही रिकाम्या हाताने जाता कामा नये, एवढीच अट आहे, असे समजा. थोरल्याला नऊ व इतरांना एकेक ही एक वाटणी. धाकट्याला नऊ व इतरांना एकेक ही दुसरी. अशा सर्व वाटण्या लिहून काढू लागलो तर पाने भरतील, आणि एखादी निसटली की काय, ही शंका शेवटपर्यंत राहील.

आचार्यांनी यासाठी आटोपशीर रीत दिली. बेरजेतून एक वजा करावा. मग एकेक उतरत चार संख्या घ्याव्यात, कारण स्थानांहून ती एकाने कमी. १२, ११, १० व ९ यांचा गुणाकार ११,८८०. त्याला १, २, ३, ४ यांच्या गुणाकाराने, म्हणजे २४ ने, भागावे. उत्तर ४९५.

ही रीत खरी का, हे आंबे ओळीत मांडले की उमगते. १३ आंब्यांमध्ये १२ फटी असतात. त्यांतील कोणत्याही चार फटींत काड्या ठेवल्या की पाच वाटे आपोआप पडतात. तेव्हा प्रश्न उरतो तो १२ फटींतून चार निवडण्याचा. आचार्यांनी रीतीला एक मर्यादाही घातली. बेरीज ही स्थानांच्या संख्येत नऊ मिळवून येणाऱ्या संख्येहून लहान हवी. पाच स्थानांसाठी ती १४ च्या आत असावी; १४ झाली की कोणाच्या वाट्याला दहा येतील, आणि दहा हा एका स्थानात बसणारा अंक नव्हे. रीत कोठे थांबते हे सांगणारा गुरू विरळा.

गणिताच्या सागराला अंत नसल्याने विस्तारभयास्तव थोडक्यात सांगितले, असे म्हणून ते हा विषय आवरतात. येथे गुणाकार, भागाकार, वर्ग वा घन विचारलेला नसतो, तरी गर्विष्ठ गणकबटू येथे हमखास घसरतो, असा टोलाही लगावतात.

इ. स. ११८३ मध्ये, ६९ व्या वर्षी, त्यांनी करणकुतूहल हा आणखी एक ग्रंथ लिहिला. पण त्या काळी ग्रंथ टिकत ते हस्तलिखितांच्या नकला करणाऱ्या आणि शिकणाऱ्या शिष्यांवर. शिष्यपरंपरा खंडित झाली तर पोथ्या वाळवीच्या स्वाधीन! पुत्र लक्ष्मीधर यादव राजा जैत्रपालाच्या सभेत मानाचा पंडित झाला. नातू चांगदेव सिंघण राजाचा ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून चांगदेवाने चाळीसगावजवळील पाटण येथे मठ स्थापन केला, आणि इ. स. १२०७ च्या सुमारास निकुंभ घराण्यातील सोइदेवाने त्या मठाला दान दिले.

तो शिलालेख एकोणिसाव्या शतकात डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. त्याचा बराचसा भाग संस्कृतात आहे. शेवटी मात्र जुन्या मराठीत मठाचे उत्पन्न नोंदले आहे. पाटणच्या बाजारात विकल्या जाणाऱ्या मालावर राजाचा जो हिस्सा असे, तो मठाला दिला. आणि गावात जितके तेलाचे घाणे, तितक्या घाण्यांमागे पळी पळी तेल.