छायालेखक कार्ल फ्रॉइंड

चित्रपट संपला की प्रेक्षक नटनटींची नावे घेत घरी जातो. ज्याच्या दृष्टीने त्याने तो सारा खेळ पाहिला, त्या छायालेखकाचे स्मरण क्वचितच कोणास होते. अशाच एका थोर कलावंताचे अल्पचरित्र वाचकांस सादर करीत आहे.

कार्ल फ्रॉइंड यांचा जन्म १६ जानेवारी १८९० रोजी बोहेमियात एका ज्यू कुटुंबात झाला. पुढे कुटुंब बर्लिनला आले. आपली मुले मॅट्रिकच्या पुस्तकांशी झगडतात त्या पंधराव्या वर्षी हा मुलगा चित्रपट दाखविण्याच्या यंत्रावर उमेदवारी करू लागला.

१९२४ साली मुर्नौ यांच्या ‘द लास्ट लाफ’ने त्यांचे नाव झाले. एका बड्या हॉटेलच्या वृद्ध दारवानाचा रुबाबदार गणवेश काढून घेतला जातो व त्यासवे त्याची प्रतिष्ठाही जाते, एवढीच ती कथा. मूकपट असूनही मजकुराच्या पाट्या जवळजवळ नाहीत. सारे चित्रानेच बोलावयाचे. तोवर कॅमेरा बहुधा तिवईवर खिळलेला असे. फ्रॉइंड यांनी तो छातीशी बांधला व मद्यधुंद म्हाताऱ्याचे फिरणारे जग दाखविण्यासाठी ते स्वतः झोकांड्या देत चालले. सायकलवर कॅमेरा घेऊन लिफ्टमधून उतरले ते वेगळेच! छायालेखक हा केवळ यंत्र चालविणारा नव्हे, हे मला तरी येथेच पटते.

‘मेट्रोपोलिस’ (१९२७) नंतर १९२९ मध्ये ते अमेरिकेस गेले. तेथे ‘ड्रॅक्युला’चे छायालेखन व ‘द ममी’चे दिग्दर्शन केले. चिनी शेतकऱ्याच्या जीवनावरील ‘द गुड अर्थ’ (१९३७) या चित्रपटासाठी त्यांस ऑस्कर पारितोषिक मिळाले. त्याच १९३७ साली, हिटलरच्या राज्यात ज्यूंचे जिणे असह्य झाले असता, ते जर्मनीत जाऊन आपल्या कन्येस सुखरूप घेऊन आले. तिची आई, त्यांची पूर्वपत्नी, मात्र मागे राहिली. ती छळछावणीत पडली व १९४२ मध्ये नाझींनी तिची हत्या केली. पारितोषिकाच्या वैभवाशेजारी हे दुःख ठेवून पाहिले म्हणजे मन सुन्न होते.

साठीत मनुष्य विश्रांती शोधतो. फ्रॉइंड यांनी १९५१ साली टेलिव्हिजनवरील ‘आय लव्ह लूसी’ ही विनोदी मालिका हाती घेतली. समोर प्रेक्षक बसलेले, तीन कॅमेरे एकाच वेळी चालू. दर दृश्यास दिवे हलविणार कसे? त्यांनी दिवे वर टांगून सर्वत्र सारखा प्रकाश पाडला, जेणेकरून कोणत्याही कॅमेऱ्यास नटाचा चेहरा स्पष्ट दिसावा. ज्याने अंधाराची जादू दाखविली, त्यानेच छाया पुसण्याची ही युक्ती काढली! पुढील अनेक मालिकांनी हीच पद्धत उचलली. ३ मे १९६९ रोजी ते निवर्तले.