जनरल सर जॉन मोनॅश

पहिलें महायुद्ध १९१४ च्या ऑगस्टमध्यें सुरू झालें, तेव्हां तें नाताळापर्यंत आटोपेल अशी पुष्कळांची समजूत होती. परंतु वर्ष संपण्याच्या आंतच स्वित्झर्लंडच्या सरहद्दीपासून उत्तर समुद्रापर्यंत समोरासमोर खंदकांच्या रांगा खणल्या गेल्या, आणि लाखों शिपाई मातींत पाय रोवून बसले. मधल्या जमिनीवर काटेरी तारांचीं जाळीं पसरलेलीं, आणि पलीकडे मशिनगन रोखलेल्या. उघड्यावरून चालून येणारी अख्खी पलटण दोनचार माणसें कांहीं मिनिटांत गारद करूं शकत. १ जुलै १९१६ रोजीं सॉम नदीच्या खोऱ्यांत ब्रिटिश सैन्याचीं ५७ हजारांहून अधिक माणसें एका दिवसांत निकामी झालीं. त्यांपैकीं १९ हजारांहून अधिक प्राणास मुकलीं. हा पेंच कसा सोडवावा या विवंचनेंत सेनापति, शास्त्रज्ञ आणि कारागीर सारेच होते. ज्यांनीं तो सोडविण्यास मोठा हातभार लाविला, अशा एका पुरुषाचें चरित्र आम्ही वाचकांपुढें ठेवीत आहों. हे गृहस्थ पेशानें शिपाई नव्हते. पूल बांधणारे इंजिनियर होते.

जॉन मोनॅश यांचा जन्म २७ जून १८६५ रोजीं ऑस्ट्रेलियांतील मेलबर्न येथें झाला. आईबाप प्रशियांतून आलेले यहुदी. वडिलांनीं जेरिल्डेरी नांवाच्या आडगांवीं दुकान घातलें होतें. पण मुलाची बुद्धि पाहून त्याच्या शिक्षणासाठीं आई मुलांना घेऊन मेलबर्नला परतली. तेथें प्रेस्बिटेरियन पंथाच्या स्कॉच कॉलेज या शाळेंत जॉन शिकला, आणि शेवटच्या वर्षीं पहिल्या क्रमांकाचा वांटेकरी होऊन बाहेर पडला. विश्वविद्यालयांत मात्र पहिल्याच वर्षीं तो नापास झाला! नाटकें, वादविवाद आणि अवांतर वाचन यांपुढें अभ्यासास वेळ उरला नव्हता. आमच्या कांहीं विद्यार्थ्यांस हें वाचून समाधान वाटेल. त्यांनीं पुढचा मजकूरही वाचावा. १८८५ मध्यें आई वारली, घरची स्थिति बेताची झाली, आणि जॉन शिक्षण अर्धवट टाकून पुलाच्या बांधकामावर नोकरीस लागला. लवकरच एका रेल्वेमार्गाच्या बांधणीची जबाबदारी त्याच्यावर आली. दिवसा काम व रात्रीं अभ्यास करून १८९५ पर्यंत त्यानें इंजिनियरिंग, साहित्य आणि कायदा या तिन्ही शाखांच्या पदव्या मिळविल्या.

लोखंडी सळया घालून बळकट केलेलें काँक्रीट तेव्हां नवीनच निघालें होतें. मोनॅश यांनीं भागीदारींत त्याचे पूल बांधण्यास आरंभ केला. १९०१ मध्यें बेंडिगो येथील त्यांचा एक पूल भाराची परीक्षा घेतांना कोसळला आणि एक मनुष्य दगावला. पूल स्वखर्चानें पुनः बांधून द्यावा लागला. कागदावरील हिशेब आणि प्रत्यक्ष भार यांत अंतर पडलें म्हणजे त्याची किंमत कोण देतो, हें त्यांनीं युद्धापूर्वीं तेरा वर्षें पाहिलें होतें.

याच काळांत ते फावल्या वेळच्या स्वयंसेवक सैन्यांत होते. तोफखान्यांत त्यांनीं वर्षानुवर्षें काम केलें. नकाशे काढणें व वाचणें यांत ते निष्णात झाले. १९१४ सालीं वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षीं त्यांस चवथ्या पायदळ ब्रिगेडचें आधिपत्य मिळालें. जर्मन वंशाचा, यहुदी आणि पेशानें नागरिक, अशा मनुष्याच्या हातीं चार पलटणी द्याव्या हें अनेकांस रुचलें नाहीं.

एप्रिल १९१५ मध्यें ही ब्रिगेड तुर्कस्तानांतील गॅलिपोली येथें उतरली. ऑगस्टमध्यें ९७१ नंबरच्या टेंकडीवर रात्रीं चाल करण्याची कामगिरी तिच्याकडे आली. त्याच तुकडींत गुरखे व शीख शिपायांची २९ वी हिंदी ब्रिगेडही होती. नकाशे अपुरे, घळी आंधळ्या, माणसें आजारानें खंगलेलीं, चाल फसली. दोष मोनॅश यांचा किती व वरिष्ठांच्या बेताचा किती, याविषयीं इतिहासकारांत अद्याप एकमत नाहीं. आमच्या मतें तो बेतच अशक्य होता.

पुढें त्यांस तिसरी डिव्हिजन मिळाली. तिला इंग्लंडांत शिकवून तयार करून ते १९१६ च्या अखेरीस फ्रान्समध्यें गेले. जून १९१७ मध्यें मेसिन येथें शत्रूच्या खंदकांखालीं भुयारांतून १९ सुरुंग उडविण्यांत आले आणि ठरल्याप्रमाणें जय मिळाला. ऑक्टोबरांत पॅशेंडेल येथें पावसानें सारें रण चिखलाचें केलें. तोफा पुढें नेतां येईनात. एक दिवस थांबावें ही मोनॅश यांची विनंती मान्य झाली नाहीं, आणि १२ तारखेस त्यांच्या डिव्हिजनचे तीन हजारांवर शिपाई पडले वा घायाळ झाले.

येथून त्यांचें मत पक्कें झालें. पायदळानें केवळ छातीच्या जोरावर तारांवर तुटून पडावें हें त्यांस मान्य नव्हतें. तोफा, टँक, विमानें यांनीं वाट मोकळी करावी. त्यांच्या आश्रयानें पायदळानें पुढें जावें व जमीन ताब्यांत घ्यावी. यांतील एकही साधन त्यांनीं शोधून काढलें नव्हतें. तोफांच्या माऱ्याची पुढें सरकणारी भिंत व तिच्यामागून चालणारें पायदळ ही युक्ति आधींच रूढ झाली होती. आवाज टिपून शत्रूची तोफ कोठें आहे हें गणितानें काढण्याची रीत लॉरेन्स ब्रॅग या ऑस्ट्रेलियांत जन्मलेल्या तरुण शास्त्रज्ञानें व त्याच्या सोबत्यांनीं सिद्ध केली होती. त्यामुळें एकही चांचणीचा गोळा न उडवितां नेम धरतां येऊं लागला होता. नोव्हेंबर १९१७ मध्यें कांब्रे येथें शेंकडों टँक एकदम चालून गेले होते. जर्मनांनींही लहान लहान तुकड्यांनीं खंदकांच्या फटींतून आंत शिरण्याचें तंत्र बसविलें होतें. मोनॅश यांचें कर्तृत्व या साधनांची एकमेकांशीं घड्याळ लावून सांगड घालण्यांत आहे. पुलाच्या कामावर वाळू आधीं, सळया मागाहून, आणि कमानीचा आधार काढावयाचा तो ठरल्या दिवशींच, हें ज्यानें आयुष्यभर सांभाळलें, त्यास ही दृष्टि यावी यांत नवल नाहीं.

मे १९१८ च्या अखेरीस त्यांची सर्व ऑस्ट्रेलियन कोअरच्या सेनापतिपदावर नेमणूक झाली. युद्धवार्ताहर बीन व पत्रकार कीथ मर्डोक यांनीं ती बदलविण्याची खटपट चालविली. ही कारवाई चालू असतांनाच मोनॅश हामेल या खेड्यावरील हल्ल्याचा आराखडा करीत होते.

या हल्ल्यांत त्यांची जुनी चवथी ब्रिगेड होती, आणि तिचा टँकांवर काडीचाही विश्वास नव्हता. एप्रिल १९१७ मध्यें बुलकूर येथें टँक बंद पडले व भरकटले. तिच्या सुमारें ३००० पैकीं २३०० हून अधिक माणसांचा तेथें नाश झाला होता. हुकूम काढून विश्वास उत्पन्न होत नाहीं हें मोनॅश जाणून होते. त्यांनीं पलटणींमागून पलटणी मोटारींतून टँकांच्या तळावर धाडिल्या. शिपाई टँकांत बसले, ते चालवून पाहूं लागले. त्यांच्या डोळ्यांदेखत टँक तारांवरून व खंदकांवरून गेले. ज्या पलटणीबरोबर जो टँक जावयाचा, त्यावर तिचे रंग चढविण्यांत आले.

३० जून रोजीं अखेरची सभा झाली. तिच्यापुढें १३३ बाबी होत्या, आणि सर्व अधिकाऱ्यांचें समाधान होईपर्यंत ती साडेचार तास चालली. त्यानंतर बेतांत फरक करावयाचा नाहीं, असा नियम. आधींचे कांहीं दिवस पहांटे ठराविक वेळीं धूर व विषारी वायु यांचे गोळे एकत्र टाकीत, म्हणजे शत्रूस मुखवटे चढविण्याची संवय लागावी. हल्ल्याच्या दिवशीं नुसता धूर टाकावयाचा. टँकांची घरघर झांकण्यासाठीं वरून विमानें फिरवावयाचीं. दारूगोळ्याच्या पेट्या विमानांतून छत्र्या लावून खालीं सोडावयाच्या. तारा, पाणी, बाँब हें सामान चार मालवाहू टँकांनीं न्यावयाचें. एरवीं त्यास सुमारें १२०० माणसें लागलीं असतीं. तीं १२०० माणसें गोळ्यांच्या वर्षावांत ओझीं वाहतांना उघड्यावर पडलीं असतीं, हें वाचकांनीं ध्यानांत घ्यावें.

आदल्या दिवशीं मात्र हा बेत मोडतां मोडतां वांचला. मदतीस आलेल्या अमेरिकन कंपन्या काढून घ्याव्या असा त्यांचे सेनापति पर्शिंग यांचा आग्रह पडला. सहा कंपन्या गेल्या. उरलेल्या चारही काढून घेण्याचा हुकूम ३ जुलैच्या दुपारीं आला. मोनॅश यांनीं वरिष्ठांस निक्षून कळविलें कीं, त्या गेल्यास हल्ला रद्द करावा लागेल. अखेर सरसेनापति हेग यांनीं हल्ला चालूं द्यावा असा निर्णय दिला.

४ जुलै १९१८ रोजीं पहांटे ३ वाजून १० मिनिटांनीं ६० टँक व पायदळ निघालें. बेत ९० मिनिटांचा होता. काम ९३ मिनिटांत झालें. दीड हजाराच्या आसपास कैदी मिळाले. मित्रसैन्याचे सुमारें १४०० शिपाई ठार वा जखमी झाले. ही संख्या लहान नव्हे. तितक्या घरीं तारा गेल्या. परंतु त्याच रणांगणावर दोन वर्षांपूर्वीं एवढ्या जमिनीसाठीं आठवडे व कित्येक पट माणसें खर्चीं पडत. ब्रिटिश सरसेनापतींच्या कचेरीनें हा आराखडा छापून इतर सेनाधिकाऱ्यांस वांटला.

८ ऑगस्टला आमियांजवळ हीच रीत मोठ्या प्रमाणावर योजिली गेली. धुक्यांतून चारशेंहून अधिक टँक, ऑस्ट्रेलियन व कनेडियन कोअर निघाल्या आणि कोठें कोठें सात-आठ मैल आंत घुसल्या. खंदकांच्या युद्धांत पूर्वीं यार्डांनीं मोजीत तेथें आतां मैल मोजूं लागले. १२ तारखेस पंचम जॉर्ज बादशहांनीं बेर्तांगल येथें मोनॅश यांस सरदारकी दिली. त्यांस काढण्याची खटपट केव्हांच विरली होती, आणि पुढें बीन यांनींही आपली ती चूक मान्य केली.

सप्टेंबरांत माँ सें कांतां व पेरोन हीं ठाणीं पडलीं. परंतु २९ सप्टेंबरचा हिंडेनबर्ग फळीवरील हल्ला त्यांच्या आराखड्याप्रमाणें उतरला नाहीं. पुढच्या अमेरिकन तुकड्यांचे हाल झाले. थकलेल्या पलटणींस मोनॅश यांनीं फार ताणलें, असाही आक्षेप आहे, आणि तो सर्वस्वीं खोटा म्हणतां येत नाहीं. कांहीं पलटणींतील शिपायांनीं पुढें जाण्याचें नाकारलें होतें. ५ ऑक्टोबरनंतर कोअरला विसांवा मिळाला तो युद्ध संपेपर्यंत.

युद्धानंतर सुमारें १ लक्ष ६० हजार शिपायांस जहाजांनीं घरीं पोहोंचविण्याची व्यवस्था त्यांच्याकडे होती. जहाजाची वाट पाहण्यांत जाणारे महिने फुकट जाऊं नयेत म्हणून शिपायांस धंदेशिक्षण व अभ्यास यांसाठीं रजा देण्याची योजना त्यांनीं चालविली. १९२० च्या फेब्रुवारींत पत्नी निवर्तल्या. त्याच वर्षीं व्हिक्टोरिया प्रांताच्या वीजमंडळाचें काम त्यांनीं पत्करलें. यालूर्न येथील तपकिरी कोळसा इतका ओला कीं, त्यांत निम्म्याहून अधिक पाणीच असे. तरीही १९२४ सालीं तेथील वीज मेलबर्नला पोहोंचली.

१९३१ च्या आरंभीं नव्या दिल्लीच्या उद्घाटनप्रसंगीं ऑस्ट्रेलियाचे प्रतिनिधि म्हणून ते हिंदुस्थानांत आले होते. त्याच वर्षीं ८ ऑक्टोबरला त्यांचा अंत झाला. प्रेतयात्रेस अडीच लाखांवर लोक लोटले. मेलबर्नच्या ब्रायटन भागांतील दफनभूमींत त्यांची कबर आहे. तिच्यावर पदव्या नाहींत, लढायांचीं नांवें नाहींत; त्यांच्याच इच्छेवरून ‘जॉन मोनॅश’ एवढींच अक्षरें कोरलेलीं आहेत.