पाचगणीत पियानो शिकलेल्या पारशी पोराचं सहा मिनिटांचं गाणं कंपनीला लांब वाटलं, ते नऊ आठवडे नंबर वन राहिलं

पाचगणी म्हटलं की आपल्याला टेबललँड, स्ट्रॉबेरी आणि बोर्डिंग शाळा आठवतात. यातल्याच एका बोर्डिंग शाळेत पन्नासच्या दशकात एक पारशी पोरगा पियानो शिकत होता. पुढे त्याने लिहिलेल्या एका गाण्याने इंग्लंडचं म्युझिक मार्केट हलवून टाकलं.

गाणं होतं बोहेमियन ऱ्हॅप्सडी. आणि पोरगा होता फारुख बलसारा, म्हणजेच जगाला माहिती असलेला फ्रेडी मर्क्युरी.

फारुखचा जन्म ५ सप्टेंबर १९४६ चा, आफ्रिकेच्या किनाऱ्याजवळच्या झांझिबार बेटावरचा. वडील बोमी तिथं ब्रिटिश सरकारी नोकरीत कॅशियर. घराणं मूळचं गुजरातमधल्या वलसाडचं. वलसाडचं जुनं नाव बुलसार, त्यावरून आडनाव पडलं बलसारा.

आठ वर्षांचा असताना घरच्यांनी त्याला समुद्रापार पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत धाडलं. सुट्ट्या लागल्या की तो मुंबईत नातेवाइकांकडे यायचा. शाळेत तो पियानो शिकला. रेडिओवर ऐकलेलं गाणं लगेच पियानोवर वाजवून दाखवायचा, असं त्याचे शाळेतले मित्र सांगतात. बाराव्या वर्षी चार मित्रांसोबत त्याने द हेक्टिक्स नावाचा बँड काढला. फ्रेडी हे नावही इथंच चिकटलं.

१९६३ ला तो झांझिबारला परतला. पुढच्याच वर्षी तिथं क्रांती झाली आणि हजारो लोक जिवाच्या भीतीने बेट सोडून पळाले. बलसारा कुटुंब लंडनजवळच्या फेल्टममध्ये आलं. फ्रेडीने हिथ्रो विमानतळावर सामान उचलण्याचं काम केलं, ईलिंगच्या आर्ट कॉलेजमधून ग्राफिक डिझाईन शिकला. १९७० मध्ये ब्रायन मे आणि रॉजर टेलर यांच्यासोबत क्वीन हा बँड सुरू केला. वर्षभराने जॉन डीकन आला. त्याच काळात बलसारा जाऊन मर्क्युरी आलं.

तेव्हाच्या इंग्लंडमध्ये आशियाई माणसाला रस्त्यात शिव्या खाव्या लागत. अशा देशात रॉकस्टार व्हायला निघालेला फ्रेडी आपल्या पारशी घराबद्दल आणि पाचगणीबद्दल जाहीरपणे फारसं बोलला नाही. त्यामुळे त्याच्या कित्येक चाहत्यांना तो कुठून आला हे बरीच वर्षं माहितीच नव्हतं.

आता येऊ गाण्यावर.

ऑगस्ट १९७५ मध्ये वेल्समधल्या रॉकफिल्ड स्टुडिओत रेकॉर्डिंग सुरू झालं. गाण्याचा नकाशा फ्रेडीच्या डोक्यात तयार होता. सुरुवातीला पियानोवरचं संथ गाणं, मग गिटार, मधेच ऑपेरा, त्यानंतर दणदणीत रॉक आणि शेवटी पुन्हा शांतता. नेहमीच्या गाण्यासारखं परत परत येणारं धृपद यात नव्हतंच.

ऑपेराच्या भागात शंभर-दीडशे माणसं गातायत असं वाटतं. प्रत्यक्षात गाणारे तिघंच, फ्रेडी, ब्रायन आणि रॉजर. त्यांनी तीन आठवडे, दिवसाला दहा-दहा तास एकावर एक आवाज चढवले. तेव्हा कॉम्प्युटर नव्हता, सगळं काम २४ ट्रॅकच्या टेपवर. ती टेप इतक्या वेळा मशीनमधून फिरली की तिच्यावरचा थर झिजून आरपार दिसायला लागलं.

गाणं तयार झालं ५ मिनिटं ५५ सेकंदांचं. इथं गाडी अडली.

त्या काळी सिंगल म्हणजे एका बाजूला एकच गाणं असलेली छोटी तबकडी. ती खपायची रेडिओच्या जोरावर आणि रेडिओवाल्यांना गाणं हवं असायचं तीनेक मिनिटांचं. त्यामुळे ईएमआय कंपनीला एवढं लांब गाणं रेडिओ वाजवेल असं वाटत नव्हतं. बँड मात्र एकही सेकंद कापायला तयार नव्हता.

मदतीला धावला फ्रेडीचा मित्र केनी एव्हरेट. लंडनच्या कॅपिटल रेडिओवरचा हा अवली डीजे. त्याच्या हातात तबकडी आली आणि दोन दिवसांत त्याने ते गाणं १४ वेळा वाजवलं. लोक दुकानात जाऊन विचारायला लागले, पण तबकडी अजून बाजारात यायचीच होती.

३१ ऑक्टोबर १९७५ ला सिंगल आलं. टीव्हीसाठी दिग्दर्शक ब्रूस गावर्सने चारेक तासांत त्याचा व्हिडिओ शूट केला. गाण्याच्या प्रसिद्धीसाठी व्हिडिओ काढायची पद्धत रूढ होण्यात त्याचा मोठा हात आहे. समीक्षकांमध्ये दोन तट पडले, लोकांनी मात्र गाणं नऊ आठवडे एक नंबरवर ठेवलं.

गाण्यात एक पोरगा आईजवळ गुन्हा कबूल करतो. हा पोरगा कोण, गुन्हा कसला? कुणी म्हणतं फ्रेडीच्या लैंगिकतेबद्दल आहे, कुणी म्हणतं घर सुटल्याबद्दल. फ्रेडीने अर्थ शेवटपर्यंत सांगितला नाही.

आजारपणही त्याने असंच झाकून ठेवलं. २३ नोव्हेंबर १९९१ ला त्याने एड्स झाल्याचं जाहीर केलं आणि दुसऱ्याच दिवशी, २४ नोव्हेंबरला तो गेला. वय होतं अवघं ४५. लंडनमध्ये त्याचे अंत्यसंस्कार पारशी धर्मगुरूंनी केले. आयुष्यभर जे घर त्याने लोकांपासून लांब ठेवलं, त्याच घराच्या प्रार्थनांनी त्याला निरोप दिला.

त्याच डिसेंबरमध्ये हे सिंगल पुन्हा बाजारात आणलं गेलं आणि परत पाच आठवडे नंबर वन राहिलं. एड्सच्या नावानेही लोक चार हात लांब पळायचे असे ते दिवस. त्या तबकडीच्या विक्रीचे पैसे गेले टेरेन्स हिगिन्स ट्रस्टला, एड्स रुग्णांसाठी काम करणाऱ्या संस्थेला.