कावसजीचे नाक आणि पंचवीस दिवसांची सबुरी

प्लास्टिक सर्जरीच्या इतिहासात ज्याचे नाव जगभर घेतले जाते तो कावसजी शेतकरी जातीतला एक मराठी गाडीवान होता. १७९२च्या म्हैसूर युद्धात तो इंग्रज फौजेचे बैल हाकत असे. टिपू सुलतानाच्या कैदेत त्याचे नाक आणि एक हात कापला गेला. सुटकेनंतर तो मुंबईच्या फौजेत परतला आणि त्याला कंपनीचे पेन्शन मिळाले. मात्र सुमारे वर्षभर त्याला नाकाविना वावरावे लागले.

पुण्याजवळच्या, विटा-मडकी घडवणाऱ्या कुंभार समाजातील एका वैद्याने त्याला नवे नाक दिले. त्याने मेणाचा पातळ साचा कपाळावर ठेवून आखणी केली आणि तेवढी कातडी सोडवली. दोन भुवयांमधला चिंचोळा पट्टा मात्र जोडलेला ठेवला, कारण त्यातूनच नव्या नाकाला रक्त मिळणार होते. मग कातडी अर्धवट पिळून खाली आणली आणि नाकाच्या जागी बसवली.

खरी कसोटी त्यानंतर होती. जोडावर ओल्या काताच्या पट्ट्या ठेवल्या गेल्या आणि चार दिवस त्यांना कोणी हात लावला नाही. पुढे तुपात भिजवलेल्या पट्ट्या आल्या. पहिले पाच-सहा दिवस रुग्णाने उताणे पडून राहायचे होते. दहाव्या दिवशी नाकपुड्या बुजू नयेत म्हणून त्यांत मऊ कापड घातले गेले. नवी कातडी खालून रक्त घेऊ लागली, तेव्हा साधारण पंचविसाव्या दिवशी तो पट्टा कापला गेला. तो लवकर कापला असता तर नाक काळे पडून गळाले असते.

मुंबई इलाख्यातील दोन इंग्रज डॉक्टरांनी ही शस्त्रक्रिया पाहिली. जेम्स वेल्सने कावसजीचे चित्र काढले. १७९४ मध्ये लंडनच्या ‘जंटलमन्स मॅगझिन’ने ही हकिगत छापली. ती वाचून जोसेफ कार्प्यू यांनी १८१४ मध्ये लंडनमध्ये अशीच शस्त्रक्रिया केली.

आज काताऐवजी निर्जंतुक ड्रेसिंग असते. घरी कात किंवा तूप लावू नये. पण कपाळाच्या कातडीने नाक घडवताना तो पट्टा आजही साधारण तीन आठवडे राखतात. केवळ सौंदर्यासाठी केलेल्या शस्त्रक्रियेतही जखमेला वेळ द्यावाच लागतो. उशाशी उंची ठेवावी, नाक शिंकरू नये, तंबाखू व धूम्रपान टाळावे, डॉक्टरांच्या परवानगीशिवाय नाकावर चष्मा टेकवू नये. सूज पूर्ण उतरायला वर्षही लागते, म्हणून महिनाभरात आरशात पाहून निराश होऊ नये. रक्त थांबत नसेल, ताप आला किंवा दुखणे वाढत गेले, तर मात्र लगेच डॉक्टरांकडे जावे.